फोटोत तसंच आहे

आमच्या घरात लग्न-बारशाला माणसं जमली, की जेवणं उरकल्यावर कुणीतरी मला म्हणतंच, "तुझी ती सहा शिपायांची गोष्ट सांग." मी सांगतो. लोक पोट धरून हसतात, बायका पदर तोंडाला लावतात, मीही हसतो. वीस-बावीस वर्षं हे चाललंय, आणि दर वेळी मी गोष्टीचा निम्मा भाग गाळतो. परवा माझ्या पुतण्यानं ती माझ्यासमोर सांगितली. माझ्यापेक्षा चांगली सांगितली. त्यात ती बाई नव्हतीच. मला इतका राग आला की मी भरल्या ताटावरून उठलो. पुतण्याला कळेना काय चुकलं. त्याचं काहीच चुकलं नव्हतं, त्याला गोष्ट मीच शिकवली होती. म्हणून आज गाळलेला भाग लिहायला बसलोय. हसू आलं तर हसा, माझी हरकत नाही. पण शेवटपर्यंत वाचा.

आमचं गाव शहादा तालुक्यातलं, तापीकाठचं. काळी जमीन, कापूस आणि केळी, आणि आम्ही गुजर शेतकरी. घरात गुजरी बोलायचं, गावात अहिराणी, आणि मराठी शाळेत आणि कचेरीत गेल्यावर. आमचे आबा, म्हणजे माझे वडील, गावातलं वजनदार माणूस. मी त्यांचा धाकटा मुलगा. धुळ्याच्या कॉलेजात इंटरला दोनदा नापास होऊन परत आलो होतो, आणि नापास माणसाला जेवढी विद्वत्ता चढते तेवढी मला चढली होती. गावात कुणाला काही विचारायचं झालं तर मी न विचारता सांगायचो.

गावाच्या कडेला भिलांची वस्ती. तिथल्या एका बाईचा नवरा आमच्याकडे सालदार होता. तो वारला तेव्हा तिच्या पदरी एक मुलगा आणि एक मुलगी. मुलगा मोठा झाला आणि फौजेत गेला. रजेवर यायचा तेव्हा बूट घालून आमच्या अंगणात उभा राहायचा. आबा त्याला बस म्हणायचे नाहीत, आणि तोही बसायचा नाही. पासष्टच्या लढाईत तो गेला. तार आली, मागून पत्र आलं. तिथंच अग्नी दिला, असं पत्रात होतं. ते पत्र तिला मी वाचून दाखवलं. गाव तिला तेव्हापासून फौजीनी माय म्हणायला लागलं, मीही तेच म्हणेन.

तिच्या घरची एक रीत होती. माणूस असा बाहेर, अवचित गेला, तर त्याच्यासाठी सागाचा खांब कोरून शेताच्या बांधावर उभा करायचा. वर सूर्य-चंद्र, खाली घोड्यावर बसलेला माणूस. जिवंतपणी त्यानं घोडा पाहिलेला नसला तरी खांबावर तो घोड्यावरच. खांब बसला की गेलेल्याला बसायला जागा मिळते. तोवर तो ताटकळत असतो, आणि तो ताटकळतोय तोवर त्या घरात कुणाच्या अंगाला हळद लागत नाही. आणि तिच्या मुलीचं लग्न ठरलेलं होतं. मुलाकडचे भले होते. "खांब बसू द्या, मग हळद," असं त्यांनीच सांगितलं होतं. पण होळीनंतर ते थांबणार नव्हते. त्यांच्याही घरात माणसं होती, कामं होती.

सागाचं लाकूड काही कुणी जंगलातून उचलून आणू शकत नाही. फौजीची आई म्हणून तिला जंगलखात्याचा पास मिळाला, पण त्यासाठी ती रेंज हापिसात किती वेळा चालत गेली ते तिनं कधी सांगितलं नाही आणि आम्ही विचारलं नाही. तिचं माहेर खापरकडचं. तिथल्या भावांनी दहा हात लांबीचा सरळसोट साग निवडला, तासला, खापरच्या बाजाराच्या ट्रकवर घालून तळोद्यापर्यंत आणला. तिथून आमच्या बैलगाडीनं तो गावात आला. गाडी आमची होती, म्हणून लाकूडही थोडं आमचंच, असं आबांच्या मनानं तेव्हाच घेतलं असावं. तिनं ते झोपडीच्या मागं सावलीत, दोन दगडांवर वाळत ठेवलं. डोंगरातला खांब कोरणारा म्हणाला होता, पावसाळा जाऊ दे, लाकूड तडकायचं थांबलं की येतो.

आता माझी अक्कल कुठं आडवी आली ते सांगतो.

धुळ्याहून येताना मी रद्दीवाल्याकडून एक गुळगुळीत कागदाचं परदेशी मासिक आणलं होतं. त्यात दोन चित्रं शेजारी शेजारी होती. एक लढाईतला फोटो. टेकडीवर सहा शिपाई अंगातलं सगळं बळ लावून झेंड्याची काठी उभी करतायत. तोंडं दिसत नाहीत, नुसत्या पाठी, पाय, हात. तो फोटो म्हणे त्यांच्या देशात घरोघरी पोचला. इतका, की त्यावरून त्यांनी राजधानीशेजारी धातूचे सहा प्रचंड शिपाई ओतून उभे केले, लढाईत गेलेल्यांचं स्मारक म्हणून. दुसरं चित्र त्या शिल्पाचं. खाली उभी असलेली माणसं त्या शिपायांच्या बुटाएवढी दिसत होती. मी ते पान फाडून भिंतीला लावलं होतं. का, ते आज सांगता येणार नाही. आपल्या हातून एक साधी परीक्षा उभी राहत नव्हती, आणि ही माणसं डोंगरावर काठी उभी करत होती, असं काहीतरी असेल.

लढाईच्या पुढच्या वर्षी तालुक्यात सगळीकडे स्मारकाचं बोलणं निघालं. आमच्या गावानं शेजारच्या गावाआधी करायचं ठरवलं, कारण आमचं गाव नेहमी एवढंच ठरवतं. आमच्या ओट्यावर बैठक बसली. कुणी म्हणालं दगडाची कमान, कुणी म्हणालं पाणपोई. मी आत जाऊन ते पान घेऊन आलो.

आबांनी चष्मा लावून बराच वेळ पाहिलं. "किती जण आहेत हे?"

"सहा."

"आपला तर एकच गेला."

मी म्हणालो, "ते सगळ्या सैन्याचं प्रतीक आहे, आबा."

प्रतीक हा शब्द मी कॉलेजातून आणलेला. नापास माणूस रिकाम्या हातानं येत नाही. तो शब्द ओट्यावर सगळ्यांना फार आवडला, कारण त्याचा अर्थ प्रत्येकानं लगेच लावला. एक जागा फौजीची, पाच जागा मोकळ्या. आठ दिवसांत पाच घरांतली पाच नावं ठरली. पाचवं नाव माझं. आमच्यातला एकही जण लढाईवर गेला नव्हता. मी तर नंदुरबारच्या पलीकडे रेल्वेत बसलो की मला मळमळायचं.

कारागीर धुळ्याकडचा होता. सिमेंटचं काम चांगलं करायचा, पण जन्मभर त्यानं गणपती केले होते. शाळेच्या पटांगणात मातीचा ढीग करून त्यावर आम्हा सहांना उभं केलं. सहावा म्हणून शाळेचा शिपाई. पंधरा दिवस रोज सकाळी आम्ही एक बांबू धरून तिरके उभे. कारागीर खालून ओरडायचा, "तिसरे, पोट आत घ्या. झेंडा रोवताय, जेवायला नाही बसलेले." तिसरा मी. पोट आत गेलं नाही, आणि त्याच्या हातालाही सवय नव्हती, म्हणून शेवटी सहाही शिपायांना छान गोल पोटं आली आणि कानांपर्यंत लांब डोळे. टोपी फोटोतली, परदेशी लोखंडी. ती घमेल्यावर माती थापून केली. कडेची कडीसुद्धा एका टोपीवर उमटली होती. घरात मी गोष्ट सांगतो ती इथपर्यंतची. लोक इथं हसून लोळतात, मग मी पाणी पितो आणि गोष्ट संपते.

तर न सांगितलेलं असं.

मूळ फोटोत तोंडं दिसत नाहीत. पण ज्या पाच घरांनी पुढाकार घेतला होता त्यांना आपापली तोंडं दिसायला हवी होती. म्हणून कारागिरानं पाचांच्या माना रस्त्याच्या बाजूला वळवल्या. कुणीही म्हणालं नाही की फोटोत असं नाही. मी तर मुळीच नाही. माझं नाक चांगलं आलं होतं.

मग काठीचा प्रश्न आला. काठीसाठी लोखंडी नळ धुळ्याहून येणार होता, तो येईना. बांबूवर सिमेंटचे हात बसवले की बांबू वाकायचा. कारागीर वस्तीवरून येता-जाता तो साग बघत होता. एका दुपारी तो आबांना म्हणाला, "त्या बाईच्या झोपडीमागं पडलाय तसा सोट मिळाला तर शंभर वर्षं हलणार नाही."

आबा मला घेऊन वस्तीवर गेले. बोलायला मला पुढं केलं, कारण मी शिकलेला. फौजीनी माय तुराट्यांचा झाडू बांधत होती. मी तिला सांगितलं की तुझा मुलगाच त्या स्मारकात उभा राहणार आहे. सगळं गाव त्याला नमस्कार करेल, येणारे-जाणारे हात जोडतील. असा खांब कुणाच्या नशिबात आहे? बांधावर कोरलेला खांब कोण बघणार, गुरं अंग घासणार. हाच त्याचा खांब समज.

तिनं झाडू खाली ठेवला. म्हणाली, "लाकुड उभं ऱ्हाई?"

"उभंच राहील. झेंडा त्याच्यावरच लागणार."

"आणि मन्हा पोऱ्याना हात त्याले लागेल व्हई ना? त्याना हात लागना म्हणजे तो त्यामा बसी. हात लागना नही तं नुसतं लाकुड शे ते."

"लागेल ना," मी म्हणालो. "सगळ्यांचेच लागतील."

पान माझ्या खिशात होतं. मी ते काढून पाहिलं नाही. दोन वर्षं भिंतीला लावलेलं चित्र, तोंडपाठ आहे असा माझा समज होता. तिनं मुलाचा पासपोर्ट आकाराचा एकुलता एक फोटोही दिला, चेहरा नीट यावा म्हणून. तिच्या भावांनी आणलेलं लाकूड चौघांनी खांद्यावर उचललं तेव्हा ती काही अंतर बरोबर चालली, आणि शाळेच्या फाटकाशी थांबली.

कामाच्या दिवसांत तिला कुणी आत येऊ दिलं नाही. ओलं सिमेंट आहे, हात लागेल, असं सांगायचे.

सव्वीस जानेवारीला पाहुणे आले. फौजीनी मायला पहिल्या रांगेत खुर्चीवर बसवलं. ती खुर्चीच्या कडेवर टेकली होती, कुणी उठ म्हणालं तर पटकन उठता यावं म्हणून. नवं लुगडं मुलीच्या लग्नासाठी घेतलेलं असावं, तेच नेसली होती. भाषणं झाली. पाहुण्यांनी दोरी ओढली, पडदा घमेल्याच्या त्या कडीला अडकला, एक जण शिडी लावून वर चढला. मग टाळ्या.

लोक पांगल्यावर ती उठली. पुतळ्याभोवती एकदा फिरली, मग पुन्हा एकदा. मी तिथंच होतो, माझी बायको लहान पोराला माझा पुतळा दाखवत होती.

"भाऊ," ती म्हणाली, "यामा मन्हा पोऱ्या कोनता?"

मी बोट दाखवलं. सगळ्यांत मागचा. चेहरा कारागिरानं खरंच बरा साधला होता, त्या लहानशा फोटोवरून. त्याचे दोन्ही हात वर होते, बोटं पसरलेली. आणि त्या बोटांत आणि सागाच्या दांड्यात वीतभर हवा होती.

ती म्हणाली, "त्याना हात लाकुडले लागेल नही शे."

मी वर पाहिलं. घाईनं खिशातून ते पान काढलं. आणि पाहतो तर काय, मूळ फोटोतही शेवटच्या शिपायाचे हात काठीला लागलेले नाहीत. काठी त्याच्या हातांतून पुढं निघून गेलीय, तो तिच्यामागं नुसता झेपावलाय. कारागिरानं इमानानं तेवढंच उतरवलं होतं. ती शेवटची जागा कोणाला द्यायची हे बैठकीत ठरलं तेव्हा कुणीच फोटो बघितला नव्हता. सगळ्यांना पुढच्या जागा हव्या होत्या, मागची उरली ती त्याची.

आणि मी काय बोललो? आजही ते आठवलं की स्वतःच्या कानफटात मारावीशी वाटते. मी पान तिच्यापुढं धरलं आणि म्हणालो, "हे बघ. फोटोत तसंच आहे."

ती घरी गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या ओट्यावर येऊन बसली.

"आबा, लाकुड माले द्या."

आबांनी आधी तिला समजावलं. मग म्हणाले, कारागिराला बोलावून हात पुढं घेता येतो का बघू. कारागिराचा निरोप आला, हात पुढं घेतला तर तो शिपाई तोंडावर पडेल, सगळा तोल त्याच्या त्या झेपेवर आहे. मग आबा चिडले. "पाहुण्यांनी उद्घाटन केलंय. आता तो पुतळा गावाचा नाही, देशाचा आहे. देशाच्या झेंड्याची काठी उपटून मागतेस?"

"झेंडा तुम्ही ठेवा," ती म्हणाली. "फोटो ठेवा. मन्हं लाकुड द्या. पोरनी हयद अडकी ऱ्हायनी."

आरडाओरडा नाही, रडणं नाही. ती रोज सूर्य उगवायला यायची, ओट्याच्या कडेला बसायची, दिवस मावळला की जायची. कापूस वेचणीचे दिवस होते. तिसऱ्या दिवशी तिच्याशेजारी दोन बाया येऊन बसल्या. पाचव्या दिवशी वस्तीतली एकही बाई कुणाच्या शेतात गेली नाही. कुणी काही जाहीर केलं नव्हतं, मागणी केली नव्हती. बोंडं फुटून कापूस खाली लोंबत होता, वाऱ्यानं मातीत पडत होता. आमचीच नाही, पाचही घरांची शेतं पांढरी पडली होती. ओट्यावर येणाऱ्यांची बोलणी बदलली. आधी म्हणत होते, भिलनीला चढवून ठेवलंय. मग म्हणायला लागले, आबांनी काहीतरी तोड काढावी.

आबांनी तोड काढली, ती म्हणजे मी. "तूच तिला पटवलं होतंस, तूच परत पटव."

मी ते पान घेऊन ओट्यावर तिच्यासमोर उकिडवा बसलो. मला खरंच वाटत होतं की नीट समजावलं तर तिला पटेल. मी तिला सांगितलं की हा जगातला फार गाजलेला फोटो आहे. यावरून त्या देशानं राजधानीशेजारी केवढं शिल्प उभं केलं. त्यांनीसुद्धा त्या शेवटच्या शिपायाचा हात बदलला नाही.

तिनं पान हातात घेतलं. बोंडांच्या टोकांनी तिची बोटं चिरलेली होती, त्यातलं एक तिनं त्या मागच्या शिपायावर ठेवलं. "हाऊ कोन्हा पोऱ्या शे?"

"मला काय माहीत."

"त्यानी मायले माहीत व्हई." मग म्हणाली, "तिले कोन्ही इचारं व्हई का?"

मी पान परत घ्यायला हात पुढं केला.

"तुम्हना हात लागेल शे ना, भाऊ, लाकुडले?"

"हो."

"तुम्ही लढाईमा कव्हय गयथात?"

शेजारच्या एका म्हातारीनं तोंडात दात नसताना मोठ्यानं हसून घेतलं. "पोट दखं का तुन्ही त्यानं? तो गयथा जेवानी लढाईमा." बाया हसल्या. फौजीनी माय हसली नाही. तिनं पान चौघडी करून माझ्या हातात परत दिलं.

मी उठलो. मला राग आला होता, आणि आधी तो तिच्यावरच आला, हे कबूल करतो. मग आबांवर. आत ओसरीवर ते पाटावर बसून दूध-भाकरी खात होते. मी म्हणालो, "आबा, पाच माना आपण रस्त्याकडे वळवल्या तेव्हा फोटो कुठं होता?"

"काय?"

"फोटोत तोंडं दिसत नाहीत. आपली पाच दिसतात. तेव्हा कुणी फोटो काढून बघितला का? हात तेवढा फोटोतल्यासारखा ठेवायचा. तिच्या पोराचा हात."

आबांनी वाटी खाली ठेवली. "तू मला शिकवतोस?"

"लाकूड तिचं आहे."

"पुतळ्याला हात लावलास तर या घराची पायरी चढू नको."

माझे आबा बोललेलं करणारे होते, आणि मी न करणारा, हे दोघांनाही माहीत होतं. म्हणूनच त्यांनी पुन्हा वाटी तोंडाला लावली.

लोहाराकडून मी छिन्नी आणि घण आणला. घण मला एका हातानं उचलेना, म्हणून लोहारानं लहान हातोडा दिला, आणि काही न विचारता स्वतः मागं आला. ऐन अकरा वाजता, शाळा भरलेली असताना, मी माझ्याच पुतळ्याच्या खांद्यावर चढलो. सिमेंटच्या मुठी दांड्याभोवती बसवलेल्या होत्या, त्या फोडल्याशिवाय लाकूड निघणार नव्हतं. पहिल्यांदा माझी मूठ फोडली. दहा घाव घातले तेव्हा एक अंगठा पडला. तोवर सगळी शाळा खिडक्यांत होती आणि मास्तर त्यांना ओढायचं सोडून स्वतः बघत होते. दुसरी मूठ सरपंचाच्या पुतण्याची. तो पुतण्या खाली उभा होता.

"हळू रे," तो म्हणाला. "मनगटापासून तोडू नको."

कुणीच मला अडवलं नाही. त्यांची मनं द्रवली असं लिहायला मला आवडलं असतं. तसं काही नव्हतं. ते आपला कापूस बघत होते, आणि उद्या बाया वेचायला येतील का याचा हिशेब करत होते. मला त्या दिवशी पुतळा फोडताना जेवढा राग नव्हता तेवढा त्या गप्प उभ्या राहिलेल्या माणसांचा आला. अडवायला आले असते तर निदान त्यांना पुतळ्याचं काही वाटत होतं असं म्हणता आलं असतं. देश, झेंडा, पाहुणे, प्रतीक, सगळं त्यांनी चार दिवसांच्या वेचणीवर सोडून दिलं. मग त्या बाईला पंधरवडाभर ओट्यावर कशाला बसवलं होतं?

पाची मुठी मोकळ्या झाल्या तोवर वस्तीतले आठ-दहा पुरुष आले. मला कुणी खाली उतर म्हणालं नाही, पण मी उतरलो. त्यांनी दांडा बुडातून हलवला, दोर बांधला, माझ्यापेक्षा फार कमी वेळात उपटला आणि आडवा करून खांद्यावर घेतला. झेंडा आधीच काढून फौजीनी मायनं नीट घडी घालून शाळेच्या मास्तरांच्या हातात दिला होता. मागं सहा जण राहिले. मुठी फुटलेले पाच, पोटं पुढं काढून, हवेत काहीतरी उभं करायला जोर लावत असलेले. आणि मागचा, हात पसरलेला. त्याचे हात तेवढे शाबूत होते.

पुढं धुळ्याहून नळ आला, तो बसवला, मुठी पुन्हा थापल्या. आबा माझ्याशी वर्षभर बोलले नाहीत. घराची पायरी मात्र चढू दिली, कारण वेचणीला माणूस हवं होतं.

खांब कोरायला डोंगरातला माणूस आला. दांड्यावर जागोजागी सिमेंटचे डाग बसले होते, आमच्या बोटांचे ठसेच म्हणा. त्यानं ते सगळे तासून काढले. त्यात लाकडाचा चांगला जाडसर थर गेला. मी रोज लांबून बघायचो. सूर्य निघाला, चंद्र निघाला, घोडा निघाला, घोड्यावर माणूस. त्या माणसाचा एक हात त्यानं असा काढला होता की तो लाकडातच, खांबाच्या कडेला धरलेला होता. हे त्याला फौजीनी मायनं सांगितलं होतं की तो नेहमीच तसं काढायचा, मला माहीत नाही.

होळीच्या आधी चार दिवस खांब बसवायचं ठरलं. सकाळीच बांधावर वस्ती जमली. ढोल होता, कोंबडं होतं, मोहाची होती. खापरहून तिचे भाऊ आले होते. मी गेलो. स्वच्छ धोतर नेसून, खिशात नारळ घेऊन गेलो. न बोलावता. आपण मोठं काहीतरी केलंय, बापाशी वैर घेतलंय, आज ही बाई आपल्याला पुढं बोलावेल, चार माणसांत काही म्हणेल, असं माझ्या मनात होतं. म्हटलं तरी चालेल की त्यासाठीच गेलो होतो.

खड्डा खणून झाला होता. खांब उभा करायला माणसांनी हात लावले. मी सवयीनं दोन पावलं पुढं गेलो.

फौजीनी माय माझ्याकडे आली. आवाज चढवला नाही. "भाऊ, तुम्ही आते घर जा. आठे आम्हना माणसे शेतस."

मी नारळ पुढं केला. तिनं घेतला नाही, मुलीला हाक मारली. मुलीनं घेतला.

मी बांधावरून परत निघालो. मागं ढोल सुरू झाला. केळीच्या बागेपर्यंत आलो तेव्हा कळलं की मी दात इतके आवळलेत की जबडा दुखतोय. तिच्यावर रागवायला जागा नव्हती, ती खरं तेच बोलली होती. आबांवर रागावून झालं होतं. उरला एकच माणूस, आणि तो स्वच्छ धोतर नेसून केळीत उभा होता.

होळीनंतर मुलीला हळद लागली. वस्तीतल्या बाया वेचणीला आल्या, उरलासुरला कापूस घरात आला. फौजीनी माय आमच्या शेतात आली नाही. त्या वर्षी नाही आणि नंतरही नाही. ती ब्राह्मणपुरीच्या रस्त्याला एकाच्या उसात निंदणीला जायची. आमचं शेत तिच्या दारासमोर होतं, त्या उसापर्यंत जायला तिला अर्धा तास चालावं लागायचं. ती चालायची.